यवनिका की जवनिका?

पुलगाव सुटलं की मुंबईकडे जाणारी गाडी वर्धा नदीच्या पुलावर येते. अलीकडे वर्धा जिल्हा, पलीकडे अमरावती. १८०३ च्या देवगावच्या तहात नागपूरकर भोसल्यांचं राज्यही याच नदीपाशी येऊन थांबलं. त्याच्या कितीतरी शतकं आधी कालिदासाने हीच रेघ ओढून ठेवली होती. ‘मालविकाग्निमित्रा’च्या शेवटच्या अंकात अग्निमित्र राजा विदर्भाचे दोन वाटे करून दोघा चुलतभावांना देतो. मधली हद्द वरदा नदी. वरदा म्हणजे आपली वर्धा.

याच अंकात आणखी एक बातमी येते: सिंधूच्या तीरावर यवनांचा पराभव झाला. यवन म्हणजे ग्रीक. आयोनिया या त्यांच्या प्रांताच्या नावावरून इराण्यांनी त्यांना ‘यौन’ म्हटलं, आपण ‘योन’ आणि ‘यवन’. नाटकाच्या पडद्याला संस्कृतात जो ‘यवनिका’ शब्द आहे, त्यात हेच यवन लपलेत का, यावर पंडित फार भांडले.

भांडणाची सुरुवात जर्मनीत झाली. भारतातल्या ग्रीक राजांच्या दरबारी ग्रीक नाटकं होत असावीत आणि त्यांतून संस्कृत नाटकाला चालना मिळाली असावी, असं आल्ब्रेख्त वेबरने सुचवलं. १८८२ मध्ये विंडिश या दुसऱ्या जर्मन पंडिताने ती कल्पना पुढे रेटली. यवनिका हा शब्द म्हणजे हातात सापडलेला पुरावाच वाटत होता.

अडचण एकच. ग्रीकांकडे असा पडदाच नव्हता! अथेन्सला अक्रोपोलिसच्या दक्षिण उतारावर डायोनिससचं नाट्यगृह आहे. लोक डोंगरउतारावर बसत, खाली गोल अंगणात गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचा ताफा, मागे ‘स्केने’, म्हणजे मुळात तंबू. सगळा खेळ दिवसाउजेडी, उघड्या आभाळाखाली. सिल्व्हाँ लेव्ही या फ्रेंच अभ्यासकाने १८९० मध्ये याच मुद्द्यावर बोट ठेवलं. त्याच्या मते यवनिका म्हणजे फार तर यवन व्यापाऱ्यांनी आणलेलं इराणी कापड. हे अशक्य नाही. यवन आपल्याकडे होतेच. कार्ल्याच्या लेण्यातल्या खांबांवर त्यांच्या दानाचे लेख आजही वाचता येतात.

पण मला या शब्दाची खरी नाळ प्राकृतात दिसते. अमरकोशात यवनिका नाही, ‘जवनिका’ आहे, आणि तीही कापडाचोपडाच्या शब्दांमध्ये, प्रतिसीरा आणि तिरस्करिणी यांच्या शेजारी. राजशेखराच्या ‘कर्पूरमंजरी’ या प्राकृत नाटकात अंकाला अंक म्हणतच नाहीत, ‘जवनिकांतर’ म्हणतात. जवन म्हणजे वेगवान. जी झर्रकन सरते ती जवनिका.

मग ‘य’ आला कुठून? संस्कृतातल्या पहिल्या ‘य’चा प्राकृतात ‘ज’ होतो. यात्रेची जत्रा झाली, युगाचं जुग झालं, यंत्राचं जातं झालं. हा नियम पाठ असलेल्या कुणा शास्त्रीबुवांनी जवनिका ऐकली, ती अपभ्रष्ट समजली आणि ‘शुद्ध’ करून यवनिका लिहिली, असं मला वाटतं. पुराव्याने हे पक्कं करता येणार नाही. तरी ग्रीसपर्यंत जाण्यापेक्षा ही वाट मला जवळची आणि खरी वाटते.

पडद्याचं काम मात्र पोथ्यांत स्पष्ट आहे. नाट्यशास्त्रात पूर्वरंगाचे पहिले विधी पडद्याआड होतात: वाद्यं मांडणं, गायकांनी जागा घेणं, सूर लावणं. प्रेक्षकांना नाटक आधी ऐकू येतं, मग दिसतं. ‘मालविकाग्निमित्रा’तली मालविकाही राजासमोर नाचायला येते तेव्हा आधी पडद्याआडच असते. राजाला धीर धरवत नाही. आपले डोळेच पडदा ओढायला निघालेत, असं तो म्हणतो. कथकळीत आजही दोन माणसं असा पडदा हातात धरून उभी राहतात आणि पात्र त्याच्या मागे थांबतं.

पुढे मराठीने यवनिका आणि जवनिका दोन्ही पुस्तकांत ठेवल्या आणि रोजच्या बोलण्यात फारसीतला ‘पडदा’ घेतला. तो घराच्या दारालाही चालतो आणि नाट्यगृहालाही.

हातात धरायचा पडदा आपल्याकडून गेलेला नाही, हे मात्र मला कुठल्याही वऱ्हाडात जाणवतं. मांडवात दोघं जण अंतरपाट धरतात. पांढरं कापड, मधोमध कुंकवाचं ओलसर स्वस्तिक. धरणाऱ्यांचे हात अवघडतात, कापडाला झोळ पडतो, कुणीतरी मागून म्हणतं, ‘वर धरा ना भाऊ!’ मंगलाष्टकं लांबतात. अलीकडे नवरदेव, पलीकडे नवरी. एकमेकांचे पाय तेवढे दिसतात. शेवटचं ‘सावधान’ होतं, बँड वाजतो, अक्षतांचा मारा होतो आणि अंतरपाट झर्रकन बाजूला सरतो.