पन्नास हर्ट्झचा मारिओ

रात्रीचे साडेअकरा. घरचे झोपलेत आणि तुम्ही फोन आडवा धरून बसला आहात. जुनी यंत्रं फोनवर चालवणारं रेट्रोआर्क हे एम्युलेटर उतरवून झालं, निन्टेन्डोच्या जुन्या यंत्रासाठीचा एफसीईयूएमएम नावाचा कोअर त्यात घालून झाला. निळं आकाश उजळतं, विटकरी पाटी येते, डावीकडे मारिओ उभा. पाटीखाली बारीक अक्षरांत एक ओळ: कॉपीराइटची खूण, १९८५, निन्टेन्डो. हा खेळ तुम्ही लहानपणी अक्षरशः झिजवला, पण ही ओळ आज पहिल्यांदाच बघताय.

स्टार्ट दाबता आणि काहीतरी बिनसतं. गाणं पळतंय. मारिओ पळतोय. उडी अंगठ्याला कळेपर्यंत संपलेली असते. पहिल्याच खड्ड्यात तुम्ही जाता. पुन्हा सुरू करता, पुन्हा तोच खड्डा. वय झालं आता, असं मनात येतं.

वयाचा दोष थोडा असेलही, पण खरी भानगड वेगळी आहे. फोन तुम्हाला अस्सल मारिओ दाखवतोय आणि अस्सल मारिओ तुम्ही कधी खेळलाच नव्हता.

जपान-अमेरिकेतला टीव्ही सेकंदाला साठ चित्रं दाखवायचा, आपला पन्नास. मारिओचा प्रोग्राम सेकंद मोजत नाही, चित्रं मोजतो. वरच्या कोपऱ्यातला ४०० चा आकडा दर चोवीस चित्रांमागे एकाने उतरतो. म्हणजे जपानी पोराला पहिली फेरी संपवायला १६० सेकंद मिळायचे आणि तुम्हाला १९२. धाव, उडी, कासवं, गाणं, सगळं त्याच हिशेबाने संथ. तुमचा अंगठा त्या संथ उडीवर तयार झालाय.

औषध मेनूतच आहे. कोअरच्या पर्यायांत 'रीजन' शोधा. ऑटो, साठ चित्रांची एनटीएससी, पन्नासची पाल आणि शेवटी डेन्डी. डेन्डी हे रशियात १९९२ पासून विकलं गेलेलं नकली यंत्र. तैवानच्या यूएमसी कंपनीने मूळ चिपच्या ज्या नकला काढल्या, त्या असल्या यंत्रांत असत. पाल पद्धतीच्या टीव्हीसाठी बनलेल्या बऱ्याच नकली यंत्रांची चाल हीच. चित्रं पन्नासवर आणली, पण आवाजाचं घड्याळ जवळजवळ जपानी यंत्राइतकंच ठेवलं, त्यामुळे गाण्याची लय उतरली तरी सूर जागेवर राहिला. निन्टेन्डोने स्वतः युरोपसाठी जे यंत्र काढलं त्यात सूरही खाली आला होता. नक्कल करणाऱ्यांनी इथे मूळ मालकावर कडी केली, असं माझं मत.

त्याखाली आणखी एक खटका सापडेल, ऑडिओ ड्यूटी सायकल्सची अदलाबदल करणारा. कित्येक नकली चिपमध्ये दोन आवाजांच्या खुणा उलट्यासुलट्या पडल्या होत्या. जिथे बारीक, टोकदार आवाज हवा तिथे भरीव वाजायचा आणि भरीवच्या जागी टोकदार. चूकच ती, पण तुमच्या कानाला तीच बरोबर वाटते. एम्युलेटर लिहिणाऱ्यांनी ही चूकसुद्धा जपून ठेवली आहे.

दोन्ही खटके लावा. डोळे मिटायची गरज नाही, नुसतं कान द्या.

खट-खट, खट-खट. भिंतीपलीकडे माग चालू आहेत. इचलकरंजी, १९९६ चा मे, दुपारचे दोन. तुम्ही आत्याकडे सुट्टीला आला आहात. पायाखाली शहाबादी फरशी, तेवढीच काय ती गार. समोर व्हिडिओकॉनचा रंगीत टीव्ही, त्यावरचं क्रोशाचं झाकण मागे सारलेलं. केबलची वायर काढून खेळाची लावली आहे. आतेभाऊ टीव्हीच्या पुढचं छोटं झाकण उघडून आतलं चाक नखाने फिरवतोय. मुंग्या, मुंग्या, मग एक हिरवट सावली, मग पुन्हा मुंग्या. "थांब, आलं होतं!" तुम्ही ओरडता. तो चाक उलटं फिरवतो आणि चित्र लागतं.

खेळाच्या डबीवर जे नाव आहे ते निन्टेन्डोचं नाही. बाजारात समुराई, लिटल मास्टर अशी नावं आहेत, आणि नाव नसलेलेही डबे आहेत. घरात त्याला 'व्हिडिओ गेम' म्हणतात, बस्स. कॅसेट पिवळी. तिच्यावर ९९९९ खेळ असल्याची जाहिरात. तुम्ही खाली खाली जात राहता. सर्कस, रोड फायटर, टँक, आइस क्लाइंबर, पुन्हा सर्कस, पुन्हा टँक. मोजके खेळ आहेत, तेच वेगवेगळ्या नावांनी फिरून फिरून येतात. एखाद्या ओळीवर मारिओ एकदम पुढच्या फेरीत उभा असतो, एवढाच बदल. हे तुम्हाला कळतं, तरी साडेतीनशेच्या पुढे एखादा नवा निघेल या आशेने तुम्ही बटण दाबत राहता. आणि ती कॉपीराइटची ओळ? ज्यांनी कॅसेट छापली त्यांनीच पुसून टाकलेली. मारिओ कुणी केला, कुठल्या देशात केला, असा प्रश्न या खोलीत कुणाला पडलेला नाही.

चित्र गोठतं. आतेभाऊ कॅसेट उपसतो, खालच्या खाचेत जोरात फुंकर मारतो आणि पुन्हा बसवतो. चालू! फुंकरीच्या ओलाव्याने आतल्या पट्ट्या उलट खराब होतात, काम झालं ते कॅसेट काढून बसवल्यामुळे. पण हे त्याला सांगायला जाऊ नका, ऐकणार नाही. त्याने एकदा आत काय असतं ते बघायला स्क्रूड्रायव्हरने एक कॅसेट उघडली होती. एवढ्या मोठ्या खोक्यात बोटभर हिरवी पट्टी, तिच्यावर डांबराचा थेंब पडावा तसा काळा गोळा, बाकी पोकळी. त्या गोळ्याखाली चिप. तो बराच वेळ त्याच्याकडे बघत बसला होता, म्हणे.

पहिला रिमोट अर्थात त्याच्याकडे. तुमच्या रिमोटला स्टार्टच नाही. (जपानी यंत्रातही दुसऱ्या रिमोटला स्टार्ट नव्हता, त्याऐवजी मायक्रोफोन होता. तुमच्याकडे त्या जागी सपाट प्लास्टिक.) मारिओत तुम्ही हिरवा भाऊ, लुईजी, आणि तो मरेपर्यंत तुम्ही नुसते बघे. तो मात्र लवकर मरत नाही. पण अंगठ्याखालची ती प्लसच्या आकाराची कळ किती भरवशाची आहे बघा. न बघता कडा कळतात, मधला खळगा कळतो. निन्टेन्डोच्या गुनपेई योकोई यांनी ती १९८२ मध्ये डाँकी काँगच्या हातात मावणाऱ्या खेळासाठी काढली. फोनच्या काचेवर तीच कळ चित्र म्हणून असते. अंगठा पाव इंच सरकला की मारिओ खड्ड्याच्या काठावर ढिम्म उभा. माझा सल्ला विचाराल तर ब्लूटूथचा साधा रिमोट घ्या. काचेवर मारिओ खेळायचा आणि चिडायचं नाही, हे दोन्ही जमत नाही.

आता कॉन्ट्रा. वर-वर, खाली-खाली, डावी-उजवी, डावी-उजवी, बी, ए. आतेभाऊ हे तोंडाने पुटपुटत दाबतो. ३० जीव मिळतात. शेजारच्या पोराने शिकवलं आणि त्याला त्याच्या मामेभावाने. साखळी मागे मागे नेली तर टोकाला कोनामीचे काझुहिसा हाशिमोतो सापडतात. ग्रॅडियस हा खेळ निन्टेन्डोच्या फॅमिकॉम यंत्रावर आणताना तपासण्यासाठी तो त्यांनाच झेपेना, म्हणून १९८६ मध्ये त्यांनी स्वतःच्या सोयीला ही कळांची ओळ आत घातली. तीच पुढे कॉन्ट्रात आली आणि इचलकरंजीतल्या एका पोराला तोंडपाठ झाली.

दोघं एकदम खेळताय. गोळ्या लुकलुकतात, मधूनच एखादी नाहीशी होते. यंत्राला एका आडव्या ओळीत आठच हलती चित्रं काढता येतात, नववं गळतं. म्हणून प्रोग्राम पाळीपाळीने कुणालातरी लपवतो आणि सगळं लुकलुकतं. फोनवर ही मर्यादा उठवणारा पर्याय आहे. लावू नका. गोळी दिसत नव्हती, हे मरण्याचं तेवढंच सबळ कारण तुमच्याकडे होतं.

तिसरी फेरी, धबधबा. इथे वर चढायचं असतं आणि वरचा गडी चढला की पडदाही वर सरकतो. जो खाली राहतो तो पडद्याबाहेर जाऊन मरतो. आतेभाऊ दोन उड्या पुढे. "ये की वर लवकर!" तो ओरडतो आणि न थांबता तिसरी मारतो. तुमच्या पायाखालचा दगड पडद्यावरून गेला. एक जीव. पुन्हा तुम्ही वरून टपकता, पुन्हा तो उडी मारतो. "थांब ना जरा!" "मी थांबलोय की!" थांबलेला नसतो. तीसपैकी निम्मे जीव शत्रूने घेतलेलेच नाहीत.

"बास करा की आता," आतून आत्या. "ट्यूब जाईल त्या टीव्हीची. मग बसा दोघं भिंतीकडं बघत." व्हिडिओ गेमने टीव्हीची ट्यूब जाते, यावर त्या काळात सगळ्या घरांचं एकमत होतं.

मग बंदूक निघते. बदकं उडतात, तुम्ही घोडा ओढता आणि पडदा क्षणभर चमकतो. त्या चमकेच्या आत शिरून बघा. एक चित्र पूर्ण काळं. पुढच्या चित्रात बदकाच्या जागी पांढरा चौकोन, बाकी काळंच. बंदुकीच्या नळीत प्रकाश ओळखणारा एक डोळा आहे, त्याने आधी काळं आणि लगेच पांढरं पाहिलं तरच बदक पडतं. आतेभाऊ चलाखी म्हणून बंदूक ट्यूबलाइटवर रोखतो आणि फसतो, कारण ट्यूबलाइट काळी होत नाही. कुत्रा गवतातून डोकं काढून हसतो. ही सगळी करामत काचेच्या जाड पिक्चर ट्यूबच्या जोरावर होती, जिच्यावर चित्र त्याच क्षणी उमटतं. आजच्या सपाट पडद्यांवर ते अंमळ उशिरा येतं, म्हणून जुनी बंदूक तिथे आंधळी. फोनवर बदकाला बोट लावायचं, बदक मेलं. पाच मिनिटांत कंटाळा येतो.

उन्हं कलतात. आतेभाऊ टँकमध्ये स्वतःचा नकाशा बांधतोय. गरुडाभोवती पोलादाची दुहेरी भिंत, मधे विटांनी लिहिलेलं त्याच्या नावाचं पहिलं अक्षर. शेवटची वीट ठेवायची तेवढ्यात शेजारचे माग एकदम थांबतात. लाइट गेली. नकाशा गेला, मारिओची आठवी फेरी कधीच गेली होती. कुठेही काहीही साठवायची सोय नाही. हातातल्या फोनवर 'सेव्ह स्टेट' दाबलं की यंत्राच्या स्मृतीतला कण न् कण जसाच्या तसा लिहून ठेवला जातो. त्याला फार जागाही लागत नाही, कारण मूळ यंत्राची कामाची स्मृती होती अवघी दोन किलोबाइट.

हा आकडा कुठून आला ते बघायचं तर आणखी मागे जावं लागेल. क्योटो. निन्टेन्डोचे मासायुकी उएमुरा यांनी घडवलेलं फॅमिकॉम १५ जुलै १९८३ रोजी १४,८०० येनला बाजारात आलं. किंमत आवाक्यात ठेवायची म्हणून सगळीकडे काटकसर. दोन वर्षांनी शिगेरू मियामोतो आणि ताकाशी तेझुका चौकटींच्या कागदावर मारिओच्या फेऱ्या आखताहेत. हळूच त्यांच्या खांद्यावरून डोकवा. ढग आणि झुडूप एकाच साच्याचे, फक्त रंग वेगळा, कारण जागा नाही. सबंध खेळ ४० किलोबाइटचा. आज सकाळी तुम्हाला व्हॉट्सॲपवर आलेला फुलांचा 'शुभ सकाळ' त्याहून जड असेल. पहिलं मशरूम उजवीकडे पळतं, पाइपाला आपटतं आणि नेमकं तुमच्याकडे परत येतं. शत्रू समजून पळायचं ठरवलं तरी ते तुम्हाला गाठणारच. ती जागा त्यांनी मुद्दाम तशी आखली. कागदावर आखलेली ती उडी साठ चित्रांच्या हिशेबाची आहे. ती इचलकरंजीत एक पंचमांशाने लांबणार आहे, हे त्यांच्या गावीही नाही.

फोनकडे परत येताना कायद्याचं एक बोलून घेऊ, कारण ते विचारलं जातंच. सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात अमेरिकेच्या अपील न्यायालयाने २००० मध्ये एम्युलेटर बनवणाऱ्याच्या बाजूने कौल दिला. अ‍ॅपलनेही एप्रिल २०२४ मध्ये आपल्या स्टोअरचं दार जुन्या खेळांच्या एम्युलेटर्सना उघडलं आणि डेल्टा नावाचं एम्युलेटर आयफोनवर आलं. खेळाच्या फाइलचं तसं नाही, ती आजही कंपनीच्या मालकीची. आपण ज्या कॅसेटवर वाढलो तिचा या बाबतीतला इतिहास पाहता फार नाक वर करण्यात अर्थ नाही, पण फरक माहीत असावा.

आता नेटप्ले, म्हणजे इंटरनेटवरून दोघांनी एकत्र खेळणं. आतेभाऊ स्टुटगार्टला आहे, तिथे अजून रात्रीचे आठच वाजलेत. दोन्हीकडे तोच कोअर आणि तीच फाइल असावी लागते, नाहीतर जोडणी होत नाही. त्यात त्याची वीस मिनिटं जातात आणि फोनच्या स्पीकरवरून जर्मनीतल्या इंटरनेटला इचलकरंजीच्या शिव्या मिळतात. अखेर कॉन्ट्रा लागतं. खोली या वेळी तुम्ही उघडली आहे, त्यामुळे पहिला रिमोट तुमच्याकडे. डेन्डी म्हणजे काय हे तुम्ही त्याला सांगितलेलं नाही, दोन्हीकडे फक्त ती सेटिंग करायला लावली आहे.

"अरे," तो पहिल्या पुलावरच म्हणतो, "हे बरोबर चाललंय! मी मागे लावलं होतं तेव्हा कसलं पळत होतं."

तिसरी फेरी येते. तो तुमच्या खाली, एका दगडावर बंदुकीची खूण पकडण्यात गुंतलेला. कानात त्याचा आवाज येतो, "थांब ना जरा, आलोच."

"थांबलोय की," असं म्हणून तुम्ही वरच्या दगडावर उडी मारता.