आठवणींची गल्ली आणि इतिहास : ‘रिप्लाय १९८८’ ते मराठवाडा

१/ ‘रिप्लाय १९८८’ ही दक्षिण कोरियन मालिका नोव्हेंबर २०१५ ते जानेवारी २०१६ या काळात प्रसारित झाली. सोल शहरातील सांगमुन-दोंगची एक गल्ली, तेथे एकत्र वाढलेले पाच मित्र आणि त्यांच्यात हळूहळू उमलणारे प्रेम, एवढाच तिचा विषय. तरीही इतिहासाच्या वाचकाने ती अवश्य पाहावी.

२/ तिची नायिका दॉक-सन १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये मादागास्करचा फलक धरण्यासाठी कसून सराव करते. ऐनवेळी तो देश बहिष्कार टाकतो. शीतयुद्ध असे एका शाळकरी मुलीच्या निराशेतून घरात शिरते. तिची मोठी बहीण बो-रा विद्यार्थी आंदोलनात उतरलेली असते. तिच्या आईचा जीव टांगणीला लागतो.

३/ परंतु स्मरणरंजन निवड करते. त्याच ऑलिंपिकपूर्वी शहर ‘सुंदर’ करताना सोलच्या सांगये-दोंग वस्तीतील गरिबांची घरे पाडली गेली. किम दोंग-वोन यांच्या १९८८ च्या ‘सांगये-दोंग ऑलिंपिक’ या माहितीपटात त्यांची कहाणी आहे. एक गल्ली आठवणीत अमर झाली. दुसरी भुईसपाट झाली.

४/ मराठीत या जातीचे लेखन म्हणजे मिलिंद बोकील यांची ‘शाळा’ (२००४). नववीतील जोशी, त्याचे मित्र आणि शिरोडकर. पार्श्वभूमीला आणीबाणी (२५ जून १९७५ ते २१ मार्च १९७७). सुजय डहाके यांनी तिच्यावर त्याच नावाचा चित्रपट केला.

५/ मात्र त्याच वर्षी शिरूर अनंतपाळ परिसरात नववीत बसलेल्या मुलांचे बालपण निराळे होते. लातूर जिल्हा तेव्हा अस्तित्वातच नव्हता. उस्मानाबादपासून तो १६ ऑगस्ट १९८२ रोजी वेगळा झाला. या मुलांनी वयाच्या दहाव्या-अकराव्या वर्षी १९७२ चा दुष्काळ पाहिला होता : दुष्काळी कामांवर खडी फोडणारे आईबाप, वाटपाची सुकडी, मिलोची लाल भाकरी. मैत्री आणि प्रेम त्यांच्याही वाट्याला आले असणारच. पण त्यांच्या आठवणींत भुकेचा हिशेबही आहे.

६/ ती पिढी आज पासष्टीच्या आसपास आहे. दप्तरात दुष्काळाचे आकडे सापडतील. वर्गातला मित्र कामावर गेला आणि शाळेत परतलाच नाही, ही नोंद तेथे सापडणार नाही. ती आजी-आजोबांकडेच आहे. विचारणाऱ्याने आजच विचारावे.