दरबारातील मौन, बखरीतील संवाद

१७ ऑक्टोबर १६७० रोजी वणी-दिंडोरीच्या परिसरात शिवाजी महाराजांनी दाऊदखानाच्या मोगल फौजेला उघड्या मैदानात तोंड दिले. दुसऱ्या सुरत-स्वारीहून ते परतत होते. या लढाईची कारणे राजकीय आहेतच. तथापि पुरंदरच्या तहाने (१६६५) जुळलेला संबंध तुटण्यामागे आग्र्याच्या दरबारातील एक अनुच्चारित विसंवादही होता.

१२ मे १६६६ रोजी महाराजांनी नजर पेश केली. औरंगजेब बोलला नाही. त्यांना पंचहजारी मनसबदारांच्या रांगेत उभे केले गेले. मोगली संकेतव्यवस्थेत उभे राहण्याची जागा हेच विधान असे. वेगळ्या शब्दाची तिला गरज नव्हती. ते विधान महाराजांना नीट कळले. पंचहजारी मनसब तर त्यांच्या बालपुत्राचीही होती. त्यांनी तख्ताकडे पाठ फिरवली, खिलत नाकारली. म्हणून यास ‘गैरसमज’ म्हणणे अपुरे ठरते. अर्थ कळला होता. तो ठरविण्याचा अधिकार मान्य नव्हता.

सभासद बखरीत महाराज रामसिंगाला विचारतात, पुढे उभा कोण? जसवंतसिंह, हे उत्तर ऐकून ते संतापतात. समकालीन राजस्थानी पत्रांतही त्यांचा क्षोभ नोंदला आहे. परंतु बखरीच्या मराठी श्रोत्याला त्या रांगेचे व्याकरण अपरिचित होते. संवादाने ते उलगडते. अशा संवादांना केवळ रंजन मानणारी समीक्षा बखरीने केलेले हे सांस्कृतिक भाषांतरच नजरेआड करते.