थांबता न येणारा माल : जालन्याची कोंबडी आणि फ्रोझन चिकनचा इतिहास

समजा तुमचा पीएच.डी.चा विषय ठरलाय : ‘जालना जिल्हा आणि फ्रोझन पोल्ट्रीचा व्यापार’. उत्साहाने तुम्ही आकडे शोधायला बसता. देशाच्या आयात-निर्यातीची आकडेवारी कोलकात्याच्या वाणिज्यिक माहिती व सांख्यिकी महासंचालनालयाकडे असते. तिथे प्रत्येक माल एचएस कोडने लावलेला असतो. कोंबडी, बदक, टर्की यांचं मांस ०२०७ या गटात येतं. त्यात अख्खी गोठवलेली कोंबडी ०२०७१२ आणि गोठवलेले तुकडे ०२०७१४. कोड सापडला, देश सापडले, बंदरं सापडली. जालना मात्र कुठेच नाही.

इथे बरेच जण घाबरून विषय बदलतात. मी म्हणेन, बदलू नका, फक्त प्रश्न फिरवून विचारा. ‘जालन्यातून किती फ्रोझन चिकन गेलं?’ याऐवजी विचारा, ‘इतकी कोंबडी पिकवणाऱ्या मुलखात फ्रोझनचा व्यवहार एवढा किरकोळ का राहिला, आणि त्याचा भुर्दंड कोणावर पडतो?’ नोंद नसणं हीसुद्धा एक नोंद असते. आजच्या लेखात ती कशी वाचायची ते बघू.

आधी कागद कुठे आहेत ते बघा

जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी झाला. त्याआधीचं जालना, अंबड, भोकरदन, जाफराबाद औरंगाबाद जिल्ह्याच्या कागदांत शोधायचं आणि परतूर परभणीच्या. १९४८ च्या मागे गेलात तर हैदराबाद संस्थानाच्या नोंदी. नवीन विद्यार्थी ‘जालना’ हा शब्द घेऊन जुन्या सूचीत शोधतात, थोडंसंच हाती लागतं, आणि ‘साधनं उपलब्ध नाहीत’ असं लिहून मोकळे होतात. साधनं असतात, फक्त दुसऱ्या जिल्ह्याच्या नावाखाली.

दुसरं साधन पशुगणना. २०१९ च्या विसाव्या पशुगणनेत देशात ८५ कोटी १८ लाख कोंबड्या-बदकं मोजली गेली, आधीच्या २०१२ च्या गणनेपेक्षा सुमारे १७ टक्के जास्त. महाराष्ट्राचा आकडा साधारण ७ कोटी ४३ लाख. पण गणना म्हणजे त्या वेळी जे समोर असेल त्याची मोजणी. म्हैस वर्षभर तीच असते. ब्रॉयलरच्या शेडमध्ये वर्षात पाच-सहा बॅच निघतात, आणि दोन बॅचच्या मध्ये शेड धुऊन रिकामं ठेवलेलं असतं. म्हणजे वर्षाला पंचवीस-तीस हजार पक्षी काढणारं शेड गणनेत पाच हजारांचं दिसेल, किंवा नेमकं रिकामं असेल तर शून्याचं. आकडा खोटा नसतो, पण तो वेगळ्याच प्रश्नाचं उत्तर देत असतो. तुमचा प्रश्न कोणता, हे आधी ठरवा.

गावरान ते ‘बॉयलर’

गावात आजही लोक ‘ब्रॉयलर’ म्हणत नाहीत, ‘बॉयलर’ म्हणतात. हा बॉयलर आपल्याकडे आला तो १९७० नंतरच्या काळात. डॉ. बी. व्ही. राव यांनी १९७१ मध्ये वेंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली. तिची मुळं हैदराबादेत, मुख्यालय पुढे पुण्यात. परदेशी कंपन्यांशी करार करून मांसाच्या आणि अंड्याच्या वेगवेगळ्या जाती इथे आणल्या गेल्या. १९८२ मध्ये राव यांच्याच पुढाकाराने राष्ट्रीय अंडी समन्वय समिती, म्हणजे एनईसीसी उभी राहिली. अंड्याचा भाव व्यापाऱ्याने न ठरवता उत्पादकांनी जाहीर करायचा, ही तिची मूळ कल्पना.

जालनेकरांना ही गोष्ट ओळखीची वाटेल. कारण १९६४ मध्ये बद्रीनारायण बारवाले यांनी जालन्यातच महिको सुरू केली आणि ‘हायब्रीड’ हा शब्द इथल्या बांधाबांधावर पोचवला. हायब्रीड बियाणं आणि बॉयलरचं पिल्लू यांच्यात एक साम्य आहे. दोन्ही दरवर्षी, दर बॅचला विकत घ्यावी लागतात. मूळ नर-मादीच्या ओळी कंपनीकडे असतात. शेतकऱ्याच्या हातात फक्त शेवटची पिढी येते, आणि तिच्यापासून पुढची तशीच पिढी काढता येत नाही.

पण एक मोठा फरकही आहे, आणि माझ्या मते या सगळ्या इतिहासाची किल्ली तिथेच आहे. हायब्रीड मका किंवा सोयाबीन काढल्यावर शेतकरी ते पोत्यात भरून ठेवू शकतो. ‘भाव नाही ना, मग दिवाळीनंतर विकू’ असं म्हणू शकतो. सगळ्यांना परवडतं असं नाही, पण वाट तरी असते. तयार झालेली कोंबडी मात्र थांबत नाही.

एका दिवसाचा हिशोब

हे वाक्य नुसतं लिहून चालणार नाही, आकड्यात दाखवायला हवं. सोयीचे गोल आकडे धरून करू.

पाच हजार पक्ष्यांचं शेड. साधारण चाळीस दिवसांत पक्षी दोन किलोच्या आसपास जातो. या वयात एक पक्षी दिवसाला अंदाजे १८० ग्रॅम खाद्य खातो आणि ८० ग्रॅम वाढतो. म्हणजे शेडला रोज ९०० किलो खाद्य लागतं आणि ४०० किलो वजन वाढतं. खाद्य ४० रुपये किलो धरलं तर खर्च ३६,००० रुपये. जिवंत पक्ष्याचा भाव पडून ६० रुपये किलो झाला असेल, तर वाढलेल्या वजनाचे येणार २४,००० रुपये. उशिराचा प्रत्येक दिवस १२,००० रुपये खातो. त्यात एप्रिल-मेचं मराठवाड्यातलं ऊन. जड पक्षी उष्णतेने आधी मरतो. गोणपाट ओले करा, फॉगर लावा, तरी मरतुक वाढतेच.

म्हणून शेतकरी पडत्या भावात विकतो. भाव पडला म्हणून सगळेच लवकर विकतात, आणि सगळे विकतात म्हणून भाव आणखी पडतो. पुरवठा-मागणीचं पाठ्यपुस्तकातलं चित्र धान्याला जितकं लागू पडतं तितकं इथे पडत नाही, कारण इथे विकणाऱ्याच्या हातात वेळ नसतो. फ्रोझन तंत्राचं खरं काम इथे आहे : उणे अठरा अंशांवर ठेवलेली कोंबडी खात नाही, मरत नाही आणि महिनोन्महिने भावाची वाट बघू शकते.

करार पद्धतीत हा हिशोब थोडा बदलतो. पिल्लं, खाद्य, औषधं कंपनीची. शेड, पाणी, वीज, मजुरी शेतकऱ्याची. त्याला किलोमागे ग्रोइंग चार्ज मिळतो, त्यामुळे बाजारभावाचा मोठा फटका कंपनी झेलते. पण बाजार पडला की कंपनी लिफ्टिंग लांबवते, नाहीतर पुढची पिल्लं टाकायला उशीर करते. शेड रिकामं राहतं, बँकेचा हप्ता मात्र रिकामा राहत नाही. तुम्ही फील्डवर्कला गेलात तर फक्त ‘भाव काय मिळाला?’ विचारू नका. ‘दोन बॅचमध्ये किती दिवस गेले?’ हेही विचारा.

मग गोठवली का नाही?

पहिलं कारण गिऱ्हाईक. आपल्याकडे कोंबडी म्हणजे समोर कापलेली. जाळीतला पक्षी बघायचा, वजन करून घ्यायचं, कापताना उभं राहायचं. हलाल हवं असेल तर तेही डोळ्यांसमोर. ‘लोक मागासलेले आहेत म्हणून फ्रोझन घेत नाहीत’ असं काही अहवालांच्या भाषेतून ध्वनित होतं. मला ते पटत नाही. जिथे घरात तासन्‌तास लोडशेडिंग सोसलं, तिथे बर्फातलं मांस मध्येच वितळून पुन्हा गोठवलं नाही याची खात्री कोण देणार? समोर कापून घेणं ही गिऱ्हाईकाने स्वतः शोधलेली गुणवत्ता-तपासणी आहे. शिवाय जिवंत पक्षी म्हणजे एक प्रकारे विजेविना चालणारा फ्रीज. दुकानदार दिवसाला लागेल तेवढंच कापतो. त्या फ्रीजचं बिल मात्र मागे शेडवाल्याच्या नावावर फाटतं.

दुसरं कारण थेट अमेरिकेत पोचतं. तिथल्या गिऱ्हाइकाला छातीचं मांस आवडतं, तंगडी उरते. आपल्याकडे उलट, लग्नात लेग पीसवरून रुसवेफुगवे होतात. तिकडे उरलेल्या तंगड्या गोठवून स्वस्तात परदेशी पाठवल्या जातात. १९९० नंतर त्या रशियात इतक्या गेल्या की लोक त्यांना राष्ट्राध्यक्ष बुश यांच्या नावाने ओळखू लागले. भारताने १ एप्रिल २००१ ला आयातीवरची उरलेली संख्यात्मक बंधनं उठवली, तेव्हा याच तंगड्यांची धास्ती होती. म्हणून कोंबडीच्या तुकड्यांवर १०० टक्के आयातशुल्क बसलं, अख्ख्या कोंबडीवर मात्र ३० टक्केच. एकाच पक्ष्यावर दोन दर का, हा प्रश्न पडला की समजा, तुम्ही शुल्काचा तक्ता इतिहासाचा कागद म्हणून वाचायला लागलात.

नवापूर ते जिनिव्हा

१८ फेब्रुवारी २००६ ला नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला बर्ड फ्लू असल्याचं जाहीर झालं. देशातला हा पहिलाच उद्रेक. पुढच्या महिन्यात जळगाव जिल्ह्यात. लाखो पक्षी मारले गेले. आणि जिथे रोगाचा मागमूस नव्हता अशा जिल्ह्यांतही चिकन सेंटर ओस पडली.

देशात रोगाचं नियंत्रण उद्रेकाच्या ठिकाणाभोवती वर्तुळ आखून होत होतं. आयातीच्या बाबतीत मात्र १८९८ च्या पशुधन आयात कायद्याखाली, रोग कळवणाऱ्या अख्ख्या देशाचाच माल भारत नाकारत होता. जुलै २०११ च्या अधिसूचनेवरून अमेरिकेने मार्च २०१२ मध्ये जागतिक व्यापार संघटनेत तक्रार केली. ऑक्टोबर २०१४ मध्ये पॅनेलचा आणि जून २०१५ मध्ये अपिलाचा निकाल भारताच्या विरोधात गेला. मुद्दा थोडक्यात असा : स्वतःच्या देशात दहा किलोमीटरचं वर्तुळ पुरतं, तर दुसऱ्याचा सगळा देश बंद का? शेवटी सप्टेंबर २०२३ मध्ये समेट झाला आणि भारताने अमेरिकी फ्रोझन टर्की आणि फ्रोझन बदकावरचं शुल्क कमी केलं. कोंबडीची तंगडी त्या यादीत नव्हती.

हे निकाल वाचताना ‘जिंकलं कोण, हरलं कोण’ एवढ्यावर थांबू नका. सरकारने खोलीच्या आत कोणती कारणं दिली आणि बाहेर कोणती, ते ताडून बघा. जिनिव्हात बोलणं रोगाबद्दल होतं. इथे काळजी होती तंगडीच्या भावाची.

भिंत कोणाची, सावली कोणाची

आयातशुल्काच्या भिंतीने शेडवाल्याला वाचवलं, हे खरंच. पण भिंतीच्या आत त्याला थांबण्याची ताकद मिळाली का? फेब्रुवारी-मार्च २०२० आठवा. कोंबडीने कोरोना होतो अशी अफवा मोबाईलवरून पसरली आणि जिवंत पक्ष्याचा भाव खर्चाच्या कितीतरी खाली गेला. लोकांनी पिल्लं पुरली, पक्षी फुकट वाटले. जानेवारी २०२१ मध्ये जालन्याशेजारच्या परभणी जिल्ह्यात मुरुंबा इथे बर्ड फ्लू निघाला, पुन्हा तीच भीती. दोन्ही वेळा परदेशी तंगडी कुठेच नव्हती. मारलं ते थांबता न येण्याने.

त्याच वर्षीची आणखी एक गोष्ट. खाद्यात साधारण साठ टक्के मका आणि पंचवीस-तीस टक्के सोयापेंड असते. २०२१ च्या उन्हाळ्यानंतर सोयाबीन क्विंटलला दहा हजारांच्या आसपास गेलं, तेव्हा पोल्ट्री उद्योगाच्या मागणीवरून केंद्राने ऑगस्टमध्ये १२ लाख टन जीएम सोयापेंडीच्या आयातीला परवानगी दिली. पुढच्या दोन महिन्यांत नवीन सोयाबीन बाजारात येईस्तोवर भाव कोसळला. आता भोकरदन-जाफराबादकडचा असा शेतकरी डोळ्यांपुढे आणा ज्याच्या एका बांधावर मका-सोयाबीन आहे आणि दुसऱ्यावर करारातलं शेड. एकाच निर्णयाने त्याचं खाद्य स्वस्त झालं आणि पीकही. ‘पोल्ट्री उद्योगाचं हित’ आणि ‘शेतकऱ्याचं हित’ असे दोन सुटे रकाने करणाऱ्या प्रबंधात हा माणूस कुठे बसवणार?

म्हणून ‘जालन्यात शीतगृह झालं की प्रश्न सुटेल’ असा सोपा निष्कर्ष लिहू नका. शीतगृह थांबण्याची ताकद देतं, पण ती ज्याच्या मालकीचं शीतगृह त्याला. कंपनीने गोठवलं तर भाव सुधारेपर्यंत कंपनी थांबेल, शेडवाला पुढच्या पिल्लांची वाट बघत थांबेल. दोघांचं थांबणं सारखं नाही. फ्रोझनचा इतिहास हा थंडाव्याचा जितका, तितकाच वेळेच्या मालकीचा इतिहास आहे.

जाता जाता एक काम देतो. प्रत्येक शेडमध्ये एक कार्ड किंवा वही टांगलेली असते. दिवस, खाद्य, मरतुक, वजन असे रकाने. बॅच संपली की ती बहुधा रद्दीत जाते. परवानगी घेऊन अशा दहा वह्यांचे फोटो काढा, नावं झाका, आणि दोन बॅचमधले रिकामे दिवस मोजा. कोलकात्याच्या तक्त्यात न दिसणारा जालना तुम्हाला त्या रिकाम्या दिवसांत दिसायला लागेल.