स्मृतिभ्रंश आणि वृद्धशुश्रूषा (अहिल्यानगर जिल्हा)

स्मृतिभ्रंश किंवा डिमेन्शिया ही मेंदूच्या विविध आजारांमुळे उद्भवणारी अवस्था आहे. तीत स्मरणशक्ती, भाषा, दिशा व काळाचे भान, निर्णयक्षमता आणि नित्याची कामे करण्याची क्षमता हळूहळू कमी होत जाते. ही अवस्था प्रामुख्याने उतारवयात आढळते. तथापि ती वार्धक्याचा अटळ भाग नाही. अहिल्यानगर जिल्ह्यासारख्या (पूर्वीचा अहमदनगर जिल्हा) ग्रामीणबहुल प्रदेशात अशा व्यक्तींची शुश्रूषा बहुतांशी घरातच होते. झोपेच्या तक्रारी, रात्रीची अस्वस्थता आणि शुश्रूषा करणाऱ्यावरील ताण हे या शुश्रूषेतील सर्वांत कठीण प्रश्न समजले जातात. मूळ आजार बहुधा बरा होत नसला, तरी या तिन्ही बाबतींत बरीच सुधारणा घडवून आणता येते.

पार्श्वभूमी

अहिल्यानगर हा क्षेत्रफळाने महाराष्ट्रातील सर्वांत मोठा जिल्हा असून त्याचे क्षेत्रफळ सुमारे १७,०४८ चौरस किलोमीटर आहे. जिल्ह्यात १४ तालुके आहेत. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या ४५,४३,१५९ होती व तीपैकी सुमारे ८० टक्के लोक ग्रामीण भागात राहत होते. २०२४ मध्ये जिल्ह्याचे नाव अहिल्यानगर असे करण्यात आले. पाथर्डी, शेवगाव, जामखेड या अवर्षणप्रवण तालुक्यांतून दरवर्षी गळीत हंगामात ऊसतोडणीसाठी मोठे स्थलांतर होते. अशा वेळी अनेक घरांत केवळ वृद्ध व लहान मुले मागे राहतात. बागायती भागात पुष्कळ कुटुंबे गावापासून दूर शेतातील वस्त्यांवर राहतात. या दोन्ही परिस्थितींचा वृद्धांच्या देखभालीवर थेट परिणाम होतो.

भारतातील वृद्धांच्या दीर्घकालीन सर्वेक्षणाशी संलग्न असलेल्या आणि २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार देशातील ६० वर्षांवरील व्यक्तींमध्ये स्मृतिभ्रंशाचे प्रमाण ७.४ टक्के, म्हणजे सुमारे ८८ लाख व्यक्ती, इतके आहे. हे प्रमाण पुरुषांपेक्षा स्त्रियांमध्ये आणि शहरी भागापेक्षा ग्रामीण भागात अधिक आढळले.

‘साठी बुद्धी नाठी’ ही म्हण आणि ‘म्हातारचळ’ हा शब्द यांतून उतारवयातील विस्मरण स्वाभाविक असल्याची समजूत व्यक्त होते. या समजुतीमुळे रुग्णाला वैद्यकीय मदत उशिरा मिळते. एकत्र कुटुंबात वृद्धांवर व्यवहाराची जबाबदारी फारशी नसते. त्यामुळे सुरुवातीची लक्षणे अनेकदा कोणाच्या लक्षातही येत नाहीत.

लक्षणे

वयोमानानुसार होणाऱ्या विस्मरणात एखादे नाव वा वस्तूची जागा तात्पुरती आठवत नाही, परंतु नंतर आठवते आणि दैनंदिन व्यवहार सुरळीत चालतात. स्मृतिभ्रंशात नुकतीच घडलेली घटना मनात नोंदलीच जात नाही. जेवण झाल्यावर पुन्हा जेवण मागणे, तोच प्रश्न वारंवार विचारणे, दूध संस्थेचा किंवा किराणा मालाचा हिशेब न जमणे, अनेक वर्षे केलेल्या स्वयंपाकातील क्रम चुकणे, ओळखीच्या पायवाटेवर रस्ता चुकणे ही त्याची सुरुवातीची लक्षणे होत. पुढे संशय, चिडचिड, भास, नातेवाईक न ओळखणे आणि अखेरीस चालणे व गिळणे यांतही अडचण येते.

गोंधळलेली अवस्था काही तासांत किंवा दिवसांत अचानक निर्माण झाल्यास तो स्मृतिभ्रंश नसून तीव्र भ्रांतावस्था असण्याची शक्यता अधिक असते. मूत्रमार्गाचा किंवा फुप्फुसाचा संसर्ग, शरीरातील पाणी वा सोडियम कमी होणे, रक्तशर्करा घटणे किंवा औषधांचा दुष्परिणाम ही तिची प्रमुख कारणे आहेत. ही वैद्यकीय आणीबाणी समजली जाते व वेळीच उपचार केल्यास रुग्ण अनेकदा पूर्ववत होतो.

कारणे व प्रकार

जर्मन मनोविकारतज्ज्ञ अलॉइस अल्झायमर यांनी १९०६ मध्ये वर्णन केलेला अल्झायमरचा आजार हे स्मृतिभ्रंशाचे सर्वांत मोठे कारण असून जागतिक आरोग्य संघटनेच्या मते ६० ते ७० टक्के रुग्णांमध्ये त्याचा वाटा असतो. या आजारात मेंदूत बीटा-अमायलॉइड व टाऊ या प्रथिनांचे असाधारण संचय आढळतात. मेंदूच्या रक्तवाहिन्यांतील दोषांमुळे होणारा स्मृतिभ्रंश, लेवी पिंडांमुळे होणारा स्मृतिभ्रंश आणि मेंदूच्या पुढील व बाजूच्या खंडांचा स्मृतिभ्रंश हे अन्य प्रमुख प्रकार आहेत.

थायरॉइड ग्रंथीची मंदता, ब-१२ जीवनसत्त्वाची कमतरता, नैराश्य, डोक्याला मार लागून मेंदूच्या आवरणाखाली साचलेले रक्त आणि काही औषधे यांमुळेही स्मृतिभ्रंशासारखी लक्षणे दिसतात. त्यांवर उपचार उपलब्ध असल्याने प्रत्येक रुग्णाची प्राथमिक तपासणी आवश्यक ठरते.

झोप आणि स्मृती

दिवसभरात ग्रहण केलेली माहिती झोपेत दृढ होते. या प्रक्रियेत मेंदूतील हिप्पोकॅम्पस हा भाग आणि मेंदूचे बाह्यांग यांच्यात देवाणघेवाण होते. वय वाढते तशी गाढ झोप कमी होते, झोप लवकर लागते, पहाटे लवकर जाग येते आणि मधूनमधून ती मोडते. हे बदल बव्हंशी नैसर्गिक आहेत.

झोप आणि स्मृतिभ्रंश यांचा संबंध दुहेरी मानला जातो. ब्रिटनमधील सरकारी कर्मचाऱ्यांच्या एका दीर्घकालीन अभ्यासात (२०२१) वयाच्या पन्नाशीत व साठीत सहा तास किंवा त्याहून कमी झोपणाऱ्यांमध्ये, सात तास झोपणाऱ्यांच्या तुलनेत, पुढे स्मृतिभ्रंशाचे प्रमाण सुमारे ३० टक्क्यांनी अधिक आढळले. २०१३ मध्ये उंदरांवरील प्रयोगांत झोपेच्या काळात मेंदूतील अमायलॉइडचा निचरा वेगाने होतो असे दिसून आले. मानवी मेंदूत ही क्रिया किती प्रमाणात घडते याविषयी संशोधकांत मतभेद आहेत. दुसरीकडे, आजारामुळे मेंदूतील जैविक घड्याळाचे नियमन करणारा भागच क्षीण होतो आणि त्यामुळे दिवस-रात्रीचे चक्र उलटते.

मोठ्याने घोरणे व झोपेत श्वास थांबणे (निद्राश्वसनरोध) यांमुळे दिवसा गुंगी येते व एकाग्रता कमी होते; त्यावर उपचार करता येतात. स्वप्न पाहताना ओरडणे, हातपाय झाडणे ही लक्षणे कधीकधी लेवी पिंडांच्या आजाराची किंवा कंपवाताची अनेक वर्षे आधी मिळणारी सूचना असतात.

सांजवेळची अस्वस्थता

दिवेलागणीच्या सुमारास अनेक रुग्णांची बेचैनी वाढते. ‘घरी जायचे आहे’ असा हट्ट धरणे, येरझाऱ्या घालणे, रात्री उठून दार उघडणे असे प्रकार घडतात. कमी होणारा उजेड, दिवसभराचा थकवा, भूक, वेदना, बद्धकोष्ठता किंवा लघवीची भावना ही यामागील कारणे असू शकतात. रुग्णाला ती शब्दांत सांगता येत नसल्याने शुश्रूषा करणाऱ्याने ती शोधावी लागतात.

औषधांआधी पुढील उपायांची शिफारस केली जाते :

• सकाळच्या उन्हात काही वेळ बसवणे आणि दिवसा चालणे किंवा झेपेल असे काम देणे.
• दुपारची झोप थोडक्यात आटोपणे व दुपारनंतर चहा टाळणे.
• अंधार पडण्यापूर्वीच दिवे लावणे. रात्री शौचालयाच्या वाटेवर मंद दिवा ठेवणे व वाटेतील सामान हलवणे.
• झोपण्याची जागा, वेळ व अंथरूण शक्यतो न बदलणे.
• ‘घरी जायचे’ या हट्टावर वाद न घालता जवळ बसून बोलणे व लक्ष दुसरीकडे वळवणे.

झोपेच्या गोळ्यांमुळे वृद्धांमध्ये पडण्याचा, हाड मोडण्याचा व गोंधळ वाढण्याचा धोका असतो. सर्दी, खाज किंवा झोपेसाठी दुकानातून परस्पर घेतल्या जाणाऱ्या काही जुन्या औषधांनीही स्मृती आणखी मंदावते. म्हणून ही औषधे वैद्यकीय सल्ल्याशिवाय देऊ नयेत.

निदान

निदान मुख्यतः घरातील व्यक्तीने सांगितलेल्या माहितीवर, रुग्णाच्या तपासणीवर व स्मृतिचाचण्यांवर आधारलेले असते. रक्ततपासणीने व मेंदूच्या प्रतिमाचित्रणाने अन्य कारणे वगळली जातात. प्रचलित चाचण्यांत लिहिणे, वाचणे व आकडेमोड अपेक्षित असल्याने शाळेत न गेलेल्या वृद्धांना त्यांत अकारण कमी गुण मिळतात. ही अडचण ओळखून हरियाणातील बल्लभगड येथील ग्रामीण वृद्धांसाठी १९९० च्या दशकात साक्षरतेवर अवलंबून नसलेली हिंदी चाचणी विकसित करण्यात आली. महाराष्ट्रातील ग्रामीण वृद्धांच्या, विशेषतः स्त्रियांच्या, तपासणीतही हेच तत्त्व लागू होते : रुग्ण पूर्वी कोणती कामे करीत असे आणि आता त्यांपैकी कोणती जमत नाहीत, ही तुलना गुणसंख्येइतकीच महत्त्वाची ठरते.

घरगुती शुश्रूषा

डोनेपेझिल, रिव्हास्टिग्माइन व मेमँटिन ही औषधे काही रुग्णांमध्ये लक्षणे मर्यादित काळ सौम्य करतात. त्यांनी आजार बरा होत नाही. त्यामुळे शुश्रूषेला विशेष महत्त्व आहे. ती बहुधा पत्नी, सून किंवा मुलगी करते.

हाताच्या सवयीची स्मृती ही घटनांच्या स्मृतीपेक्षा अधिक काळ टिकते. त्यामुळे शेंगा सोलणे, धान्य निवडणे, वाती वळणे अशी कामे अनेक रुग्ण बराच काळ करू शकतात. लहानपणापासून पाठ असलेले अभंग व जात्यावरच्या ओव्याही पुष्कळदा आठवतात. अशा कामांमुळे व गाण्यांमुळे दिवस गुंतलेला राहतो आणि रात्रीची झोप सुधारण्यास मदत होते.

शेतवस्तीवरील घरांत सुरक्षिततेचे प्रश्न वेगळे असतात. विहीर व शेततळ्याभोवती कठडा किंवा कुंपण असणे, कीटकनाशके व विळे-कोयते कुलूपबंद ठेवणे, चुलीजवळ एकटे न सोडणे आणि शेजारच्या वस्त्यांना आजाराची कल्पना देणे आवश्यक असते. शिर्डी, शनिशिंगणापूर अशा गर्दीच्या तीर्थक्षेत्री नेताना रुग्णाच्या कपड्यात नाव व संपर्क क्रमांकाची चिठ्ठी ठेवल्यास हरवल्यावर शोध सोपा होतो.

शुश्रूषा करणाऱ्या व्यक्तीची झोपही रोज मोडते. सलग जागरणामुळे तिला नैराश्य, पाठदुखी व चिडचिड जडते आणि त्याचा परिणाम रुग्णावरही होतो. म्हणून रात्रीच्या पाळ्या वाटून घेणे हा उपचाराचाच भाग मानला जातो.

गावपातळीवरील मदत

शुश्रूषा करणाऱ्यांना प्रशिक्षित स्थानिक व्यक्तींमार्फत मदत देता येते, याचा महत्त्वाचा पुरावा गोव्यातून मिळाला आहे. अमित डायस व सहकाऱ्यांनी ८१ कुटुंबांवर केलेल्या आणि २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या यादृच्छिक चाचणीत, अल्प प्रशिक्षण दिलेले गृहशुश्रूषा सल्लागार सहा महिने घरभेटी देत असत. ते आजाराची माहिती सांगत, रुग्णाच्या वर्तनावर उपाय सुचवत आणि कुटुंबाचे ऐकून घेत. त्यांना मनोविकारतज्ज्ञाचे मार्गदर्शन असे. रुग्णांच्या कार्यक्षमतेत लक्षणीय फरक पडला नाही. मात्र शुश्रूषा करणाऱ्यांचे मानसिक आरोग्य सुधारले व त्यांचा ताण कमी झाला.

गावातील स्त्रियांना प्रशिक्षण देऊन आरोग्यसेवा उभारण्याची परंपरा अहिल्यानगर जिल्ह्यात जुनी आहे. डॉ. रजनीकांत व डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० मध्ये जामखेड येथे सुरू केलेल्या सर्वंकष ग्रामीण आरोग्य प्रकल्पात अल्पशिक्षित व निरक्षर स्त्रियांना ग्राम आरोग्य सेविका म्हणून तयार करण्यात आले. या कार्यासाठी दांपत्यास १९७९ चा मॅगसेसे पुरस्कार मिळाला. हे कार्य प्रामुख्याने माता-बाल आरोग्य, पोषण व संसर्गजन्य रोग यांसंबंधी होते. गोव्यातील चाचणीचे निष्कर्ष पाहता गावातील कार्यकर्तीची हीच भूमिका वृद्धांच्या शुश्रूषेतही उपयुक्त ठरू शकते. आयुष्मान भारत योजनेखालील आरोग्य केंद्रांच्या विस्तारित सेवांत वृद्धांची काळजी व मानसिक आरोग्य यांचा समावेश आहे.

जिल्ह्यात लोणी येथे १९८४ मध्ये स्थापन झालेले ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय व त्याचे रुग्णालय, तसेच अहिल्यानगर येथील जिल्हा रुग्णालय आहे. डॉ. राजेंद्र व डॉ. सुचेता धामणे यांनी स्थापन केलेले माउली सेवा प्रतिष्ठान रस्त्यावर बेवारस आढळणाऱ्या मनोरुग्ण स्त्रियांना निवारा देते. ही संस्था केवळ स्मृतिभ्रंशासाठी नाही.

कायदेशीर बाबी

जमिनीचे व्यवहार, खातेफोड किंवा मृत्युपत्र करताना व्यक्ती सुबुद्ध असणे कायद्याने आवश्यक आहे. भारतीय करार कायद्यानुसार मुखत्यारपत्र देणारी व्यक्ती विकलबुद्धी झाल्यास दिलेला अधिकार संपुष्टात येतो. म्हणून असे निर्णय आजाराच्या सुरुवातीसच, रुग्णाच्या संमतीने घेणे हिताचे ठरते. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ अन्वये उपचारांविषयी आगाऊ निर्देश देण्याची व प्रतिनिधी नेमण्याची तरतूद आहे. माता-पिता व ज्येष्ठ नागरिक निर्वाह व कल्याण कायदा, २००७ अन्वये दुर्लक्षित वृद्धांना न्यायाधिकरणाकडे निर्वाहभत्ता मागता येतो.

प्रतिबंध

‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकाच्या आयोगाने २०२४ मध्ये १४ बदलता येण्याजोगे धोक्याचे घटक नोंदवले. कमी शिक्षण, बहिरेपणा, दृष्टिदोष, उच्च रक्तदाब, मधुमेह, धूम्रपान, अतिमद्यपान, नैराश्य, एकाकीपणा, डोक्याची दुखापत व शारीरिक निष्क्रियता हे त्यांपैकी होत. या सर्वांचे निराकरण झाल्यास जगातील सुमारे ४५ टक्के स्मृतिभ्रंश टाळता किंवा लांबवता येईल, असा आयोगाचा अंदाज आहे. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया, श्रवणयंत्र आणि रक्तदाबाची नियमित तपासणी हे ग्रामीण भागातही शक्य असलेले उपाय आहेत.

मदतवाहिन्या

ज्येष्ठ नागरिकांसाठी राष्ट्रीय ‘एल्डरलाइन’ (१४५६७) आणि मानसिक आरोग्यविषयक सल्ल्यासाठी ‘टेलिमानस’ (१४४१६) या निःशुल्क दूरध्वनी सेवा उपलब्ध आहेत. शुश्रूषा करणाऱ्या कुटुंबीयांनाही त्यांचा लाभ घेता येतो.