हिरव्या तांबाट्यांचे लोणचे

आम्ही दोघी एकाच महाविद्यालयात मराठी शिकवतो. आमच्यापैकी एकीच्या आजीची पाककृतींची वही आमच्याकडे आहे. चोपडीच्या आकाराची, अर्धी शाईने आणि अर्धी पेन्सिलीने लिहिलेली. तिच्यात 'वेलवांग्यांचे लोणचे' या मथळ्याखाली सहा-सात ओळी आहेत. आजी हयात असताना हे लोणचे घरात होत असे, पण लहान मुलांच्या पानात ते वाढले जात नसल्याने त्याची चव कोणाला आठवत नाही. आजी गेल्यानंतर बऱ्याच वर्षांनी आम्ही ते करावयास घेतले आणि सलग दोन हिवाळे वांग्यांचे केले.

लोणचे बिघडले हे सांगावयास नकोच. फोडी काळ्या पडल्या, तेल पिऊन मऊ झाल्या आणि आठव्या दिवशी त्यांना कडवट वास येऊ लागला. वेलवांगी म्हणजे वांग्यांची एखादी लुप्त जात असावी आणि बाजारातली वांगी तिच्या तोडीची नसावीत, असे समाधान आम्ही करून घेतले. वहीत मात्र स्पष्ट लिहिले होते : 'गर्द हिरवी नकोत, पांढुरकी झाली की घ्यावी. अंगचा आंबटपणा पुरेसा असल्यास लिंबू पिळू नये.' वांगे आंबट नसते. विद्यार्थ्यांना पाठचिकित्सा शिकवणाऱ्या आम्हां दोघींना हे वाक्य दोन वर्षे खटकले नाही, ही कबुली येथे दिलेली बरी.

उलगडा झाला तो बोलींवरच्या एका तासाला. टोमॅटोला घरी काय म्हणतात, असे आम्ही वर्गात विचारले होते. 'टमाटर', 'टंबाटे', 'तांबाटे' ही उत्तरे अपेक्षितच होती. विदर्भातील एका विद्यार्थिनीने 'भेदरं' सांगितले. मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, ''आमची पणजी वेलवांगी म्हणायची.'' पुढे ब्रिटिश अमदानीतील वनस्पतींच्या एका नामसूचीतही हाच शब्द टोमॅटोसमोर सापडला.

आता हा शब्द पाहावा. टोमॅटो आणि वांगे एकाच कुळातले. लिनियसने १७५३ साली दोहोंना 'सोलॅनम' या एकाच प्रजातीत घातले होते. फिलिप मिलरने त्याच शतकात टोमॅटोची प्रजाती निराळी केली आणि ती दोन शतकांहून अधिक काळ निराळी राहिली. विसाव्या शतकाच्या अखेरीस जनुकीय पुराव्यांमुळे टोमॅटो पुन्हा सोलॅनममध्ये परतला. काठीचा आधार मागणारे हे झाड पाहून ज्यांनी त्याच्या फळाला वेलवांगे म्हटले, त्यांनी पाने आणि फुले नीट पाहिली होती. बंगालीतही टोमॅटोला 'बिलाती बेगुन' म्हणत, म्हणजे विलायती वांगे. बंगाली नावाने त्याचे परकेपण लक्षात ठेवले. मराठी नावाने केवळ त्याची ठेवण पाहिली.

मूळ नावाची कथा याहून चमत्कारिक आहे. मेक्सिकोतील नाहुआत्ल भाषेत 'तोमात्ल' हा शब्द अशा रसाळ फळांना सर्वसाधारणपणे, आणि विशेषतः पापुद्र्यात वाढणाऱ्या एका हिरव्या, आंबट फळाला लावीत. आपल्या लाल टोमॅटोला 'शितोमात्ल' म्हणत. सोळाव्या शतकात साहागुन या स्पॅनिश धर्मोपदेशकाने तेथील बाजाराचे वर्णन नोंदवून ठेवले, त्यात नाना रंगांची ही फळे विकणारा माणूस येतो. स्पॅनिशांनी मात्र उपसर्ग गाळून 'तोमाते' एवढेच उचलले आणि हिरव्याचे नाव लालाला चिकटले. इटलीत मात्तिओलीने १५४४ मध्ये या फळाची नोंद केली आणि दहा वर्षांनी त्याला 'सोन्याचे सफरचंद' असे नाव दिले. आपल्याकडे आल्यावर 'टोमॅटो'चे 'तांबाटे' झाले. त्यात 'तांबडे' या शब्दाचा कानाला होणारा भास काम करून गेला असावा, असे आम्हांस वाटते. मग कच्च्या फळाला काय म्हणायचे? 'हिरवे तांबाटे' म्हणजे हिरवे तांबडे! वेलवांग्याला रंगाची ही अडचण नव्हती.

आजीच्या घरात लाल टोमॅटो नैवेद्याच्या स्वयंपाकात चालत नसे. त्याचा रंग मांसासारखा आणि वाण परकीय, म्हणून श्राद्धपक्षात तर नावही काढायचे नाही. कच्च्या फळाचे लोणचे मात्र सोवळ्यातल्या फडताळात कैरीच्या बरणीशेजारी बसे. त्यातली मिरचीही अमेरिकेतूनच आलेली आणि हिंग अफगाणिस्तान-इराणकडचा, याची वाच्यता कोणी केली नाही. सोवळ्याचे नियम पदार्थाचा भूगोल पाहत नाहीत, रंग पाहतात, हे आम्हांला या बरणीने दाखवले. बरणीला हात कोणत्या बाईने कोणत्या दिवशी लावायचा नाही, याचे नियम अधिक कडक होते. त्यावर स्वतंत्रपणे लिहावे लागेल.

हिरवी फळे खारवण्याची चाल रशिया-युक्रेनकडेही आहे. तेथे पहिल्या हिमतुषारापूर्वी वेलावर राहिलेली फळे उतरवून शेपू, लसूण आणि मिठाच्या पाण्यात आंबवतात. आपल्याकडे कारण थंडीचे नाही. कैरी वैशाख-ज्येष्ठाची, कार्तिक-मार्गशीर्षात ताजे आंबट फळ हवे तर हे हाताशी. शिवाय झाडे उपटण्याच्या वेळी शेवटची फळे हिरवीच राहतात. भाव पडला की ती तोडण्याची मजुरीही सुटत नाही. २०२३ च्या जुलैत किलोला शंभर रुपयांपलीकडे गेलेला टोमॅटो सप्टेंबरात शेतकऱ्यांनी रस्त्यावर ओतला, तेव्हा हिरव्या फळांची चौकशी कोण करणार?

तिसऱ्या हिवाळ्यात केलेले प्रमाण असे. पांढुरकी पण कडक फळे एक किलो, धुऊन अगदी कोरडी केलेली; प्रत्येकाच्या आठ फोडी, बी न काढता. शंभर ग्रॅम मीठ आणि दोन चमचे हळद लावून रात्रभर ठेवायचे. सकाळी सुटलेले पाणी काढून फोडी कापडावर पसरायच्या. आजी 'दुपार होईतो' लिहिते. मग पन्नास ग्रॅम मोहरीची डाळ, चमचाभर तळलेल्या मेथ्यांची पूड, हिंग आणि तिखट कालवून पाव लिटर तेलाची फोडणी पूर्ण निववून वर ओतायची. गरम ओतल्यास फोडी शिजतात. चार दिवसांत खाण्याजोगे होते. कैरीसारखे वर्षभर मुरत ठेवण्याचा हा ऐवज नव्हे. थंडी सरेपर्यंत संपवावे.

फोडी दाताखाली करकरल्या. लिंबू लागले नाही.

बरणी विभागात नेली तेव्हा वऱ्हाडातल्या एका सहकारी बाईंनी फोड तोंडात टाकून सांगितले, ''हे कच्च्या भेदराचं आहे. आमच्याकडे याची चटणी करतात, लोणचं नाही.'' त्यावर मधली सुट्टी संपेपर्यंत वाद झाला. वहीचा प्रश्न अजून सुटलेला नाही. मथळ्यापुढे कंसात 'टोमॅटो' लिहून ठेवावे, नाहीतर पुढची पिढी पुन्हा वांगी चिरील, असे एकीचे म्हणणे. आजीच्या पाठात आपला शब्द घालू नये, असे दुसरीचे. तूर्त आम्ही एक चिठ्ठी लिहून त्या पानात ठेवली आहे.