अनुकंपा आणि वारसा: पनवेलच्या पालिका नोकरीचे दोन मार्ग

1852 साली नगरपालिका स्थापन झालेल्या आणि 2016 मध्ये महानगरपालिका बनलेल्या पनवेलमध्ये, राज्यातील इतर शहरांप्रमाणेच, कर्मचाऱ्याच्या वारसाला नोकरी देण्याचे दोन वेगळे मार्ग असून बोलण्यात त्यांची सर्रास गल्लत होते. पहिला मार्ग अनुकंपेचा, म्हणजे सेवेत असताना मरण पावलेल्याचे कुटुंब उघड्यावर पडू नये म्हणून दिलेल्या सवलतीचा. 1976 पासूनची ही योजना 26 ऑक्टोबर 1994 च्या शासन निर्णयाने सुधारण्यात आली. मृत्यूचा दाखला आणि इतर वारसांचे ना-हरकत पत्र जोडून अर्ज केला की नाव प्रतीक्षासूचीत चढते, परंतु उमेदवाराने पंचेचाळिशी ओलांडली की ते गळते. विवाहित मुलीचा विचार होण्यास तर 2013 साल उजाडावे लागले. दुसरा मार्ग सफाई कामगारांविषयीच्या लाड-पागे समितीच्या शिफारशींचा असून त्यात सफाई कामगार निवृत्त झाला तरी वारसाला त्याची जागा मिळते. अनुकंपा नियुक्ती हा हक्क नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्येच बजावले असताना, हक्क म्हणून वारशाने मिळत राहिला तो प्रामुख्याने झाडूच, आणि 24 फेब्रुवारी 2023 च्या शासन निर्णयाने लाड-पागे शिफारशींच्याच तरतुदी एकत्रित केल्या.